एद्मों वालरीची कोरी दोन वर्षं

मसुराच्या डाळीएवढा लाल ठिपका.

वालरीच्या एका फ्रेंच पत्रातली, ठिकाण-तारीख नसलेली ओळ: इथल्या उन्हात रंग फार लवकर वाळतात.

कॅनव्हासच्या पाठीवर सही. १८८०.

आईने वसंतात सांगलीहून आणलेल्या मेतकुटाचा रिकामा डबा.

मृणालिनीला एका जागी बसवत नव्हतं. नेदरलँड्समधल्या मास्ट्रिख्टच्या, चित्रं तपासणाऱ्या प्रयोगशाळेबाहेरच्या बाकावरून ती चौथ्यांदा उठली. वालरीवर तिने तीन वर्षं घालवली होती. पॅरिसच्या अकादमीत घडलेला, रोमच्या शिष्यवृत्तीला तीनदा हुकलेला, पुढे न्यायाधीशांच्या बायका रंगवून पोट भरणारा चित्रकार. त्याच्या आयुष्यातली १८८० आधीची दोन वर्षं तेवढी कोरी. तेव्हा तो हिंदुस्थानात होता, असं तिचं म्हणणं. तिचे मार्गदर्शक फान लीर म्हणत, आजारी पडून बहिणीकडे राहिला असेल. पुरावा नसेल तर ते प्रकरण काढा, असं त्यांनी बजावलं होतं. ते काढलं की प्रबंधात उरत होती नुसती पदकांची यादी.

२००५ च्या जानेवारीत रॉटरडॅमच्या जुन्या बाजारात तिला हे चित्र सापडलं. बोटात लग्नाची अंगठी असलेली एक गोरी बाई. सही वालरीचीच, हे फान लीरनीही मान्य केलं. चित्र तिने आपल्या खोलीत लावलं. जूनमध्ये धूळ झटकताना बाईच्या कपाळावरचा ठिपका दिसला. इतके दिवस आपले डोळे कुठे होते, म्हणून ती स्वतःवरच चिडली. फान लीर म्हणाले, कुणाच्या तरी ब्रशचा शिंतोडा असेल. म्हणून ही तपासणी.

काल तिने फोनवर आईला सगळं सांगितलं. आईने आधी नीट जेवतेस ना, ते विचारून घेतलं. मग म्हणाली,

"तपासायला कशाला नेलीस तिला? घरात बरी होती की."

"चित्र आहे गं ते."

"असू दे. पुसणार नाहीत ना काही?"

मृणालिनीची बस आली होती. तिने फोन ठेवला.

आता दार उघडलं. फान लीर हातातला कागद वाचतच बाहेर आले.

"शिंतोडा नाही. मुळात तैलरंगच नाही," ते म्हणाले. "हळद आणि चुना. तुमच्याकडे याला काय म्हणतात?"

"कुंकू."

"पॅरिसच्या कुठल्या चित्रकाराकडे हे असणार? तुमचंच खरं निघालं. ते प्रकरण आता पहिलं घ्या."

मृणालिनी बाकावर बसली. या वेळी उठली नाही. त्याच दुपारी तिने वाक्य लिहिलं: वालरीने कुंकू केवळ पाहिलं नव्हतं, ते सोबत आणलं होतं. नोव्हेंबरात प्रबंध छपाईला गेला.

त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये, मृणालिनी ग्रंथालयात असताना, महिनाभर राहायला आलेल्या आईने खोलीत चैत्रगौर मांडली होती, आणि हळदीकुंकवाला बोलवायला त्या अख्ख्या इमारतीत भिंतीवरच्या बाईखेरीज तिच्या ओळखीची दुसरी सवाष्ण नव्हती.