दहापैकी चार

कॉलेजच्या स्नेहसंमेलनात स्टेजवर महजबीन खुर्ची टाकून बसली होती. मागच्या पडद्यावर एक ॲप तिच्या रूपाला गुण देत होतं, दहापैकी चार. "दहा पडल्याशिवाय उठणार नाही, हाच माझा खेळ," असं तिने ठणकावलं होतं. दोन तास पोरींनी क्रीम थापलं, लिपस्टिक फासली, तरी चार ते चारच.

तेवढ्यात मिरचीची देठं खुडणं टाकून तिची अम्मी नईमा मिरच्या वाळवायच्या पथारीवरून तशीच आली; तिथे तिच्यासारख्या दीडशे बाया दिवसभर देठं खुडत. "मन्ही पोरना तोंडले काय फासं वं?" म्हणत तिने दोन्ही हातांनी लेकीचं तोंड खसाखसा पुसलं.

"अम्मी, हात!" महजबीन किंचाळली. गाल लाल, ओठ टम्म, डोळे पाणीदार. पडद्यावर दहापैकी दहा!

नईमा फिस्सकन हसली. "मंग आम्हना पथारीवर दीडशे पऱ्या बठेल शेतस!"