रशियासाठी वेगळा शेवट

माझी नायिका इंगेबोर्ग हिने मला होकार दिला. आता तो दिलाच नाही असं समजायचं, कारण आमच्या कोपनहेगनच्या फिल्म कंपनीत प्रत्येक मूकपटाला दोन शेवट असतात: डेन्मार्कसाठी गोड, रशियासाठी रडका. या मूकपटात मी पियानोमास्तर झालो होतो, ती शिष्या. कॅमेऱ्याला ऐकू येत नाही, म्हणून गोड शेवटात मी तिला खरीच मागणी घातली. “हो, मास्तर, हो!” ती म्हणाली. “झकास! आता रशियाचा शेवट,” दिग्दर्शक ओरडला. मी पियानोपाशी बसलो. मी कुजबुजलो, “मघाचं खरं ना?” “अय्या! मला वाटलं तुम्ही अभिनय करताय. अहो, माझं कॅमेरावाल्याशी ठरलंय.” कॅमेरावाल्याने हँडल फिरवता फिरवता मान डोलावली. मी पियानोवर कोसळलो. दिग्दर्शक म्हणाला, “रशिया रडणार!” कंपनीस नम्र विनंती: अर्जदार डेन्मार्कचा रहिवासी असल्याने त्यास गोड शेवटच लागू करण्यात यावा.