इंदूची शेवटची कुपी

“मॅडम, ही कुपी टाकून देऊ? तेवीस वर्षं जुनी आहे,” प्रयोगशाळेतला फ्रीझर साफ करताना सहायक हेमांगीने विचारलं.

निवृत्तीला आठवडा उरलेल्या शालन मॅडमनी कुपीवरचं अक्षर ओळखलं. त्यांच्या मैत्रिणीचं, इंदूचं. स्त्रीबीज वाढवणारं संप्रेरक पेशीवर कुठे बसतं, ते तपकिरी रंगाने दाखवणारं प्रतिपिंड, म्हणजे अँटिबॉडी, सशांच्या रक्तातून बनवायला दोघी चार वर्षं झटल्या होत्या. रंग कधी उमटलाच नाही. तरीही इंदू रोज प्रयोगशाळेतल्या त्या सशांना कोथिंबीर भरवत गुणगुणायची. ही कुपी भरली आणि महिन्याभरात ती आजाराने गेली. पुढे ती कुपी तपासायचा मॅडमना धीरच झाला नाही.

“तपासून बघूया,” मॅडम म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी सूक्ष्मदर्शकाखाली, कुपीतला थेंब लावलेल्या स्त्रीबीजाभोवती तपकिरी कडं दिसलं. मॅडमनी डोळे पुसत इंदूच्या मुलीला फोन लावला.

“आईचं काम बघायला ये गं. जमलं तिला.”