राहू दे

सरांची उभी हयात एका तत्त्वज्ञाच्या एका ओळीचा अर्थ लावण्यात गेली. आणि पक्षाघातानंतर त्यांच्या तोंडून निघायचे ते दोनच शब्द: "राहू दे."

त्या ओळीच्या अर्थावरून एरवी एकमेकांचं तोंडही न पाहणारे त्यांचे दोन लाडके विद्यार्थी आज भेटायला आले, आणि पलंगाच्या दोन बाजूंना बसून त्या दोन शब्दांवरही भांडले.

"सर म्हणतायत, हा वाद आता सोडून द्या," एक म्हणाला.

"छे. 'राहणं' म्हणजे अस्तित्व. म्हणजे सरांना शेवटी माझंच म्हणणं पटलं," दुसरा म्हणाला.

तेवढ्यात मुलगा चाकाची खुर्ची आणि बॅग घेऊन आत आला. "चला बाबा, वृद्धाश्रमाची गाडी आलीये."

खुर्ची दारापाशी पोचली तशी सरांनी धड असलेल्या हाताने चौकट घट्ट धरली. "राहू दे... राहू दे."

"बॅग राहू दे म्हणतायत," त्यांचं एकेक बोट सोडवत मुलगा त्या दोघांना म्हणाला. "अहो बाबा, कपडे लागतील ना तिकडे."



'मला' हा एवढा एकच शब्द सरांच्या तोंडून काही केल्या फुटेना.