उर्पोची चिठ्ठी

लाउहाने फ्रीजर उघडला, ब्लूबेरीच्या पिशव्या बाजूला सारल्या आणि गिअरबॉक्सचा शाफ्ट बाहेर काढला. आकसावा म्हणून रात्रभर तो गारठत होता. ओव्हनमध्ये त्यावर चढवायचं बेअरिंग सैल व्हावं म्हणून तापत होतं.

"उघड दार," ती म्हणाली. "आणि हात भाजून घेऊ नकोस."

उर्पोने ओव्हनचं दार उघडलं. तो शेजारचा, साठी उलटलेला. शाळेच्या मुलांची टॅक्सी चालवणाऱ्या लाउहाने जानेवारीत आपल्या शर्यतीच्या गाडीचा गिअरबॉक्स उतरवला, तेव्हापासून तो रोज संध्याकाळी तिच्या स्वयंपाकघरात येऊन बसत होता. लाउहाने जाड हातमोज्याने बेअरिंग उचललं, शाफ्टच्या टोकावर धरलं आणि सोडून दिलं. हातोडी लागलीच नाही. ते आपल्याच वजनाने खाली सरकलं आणि टक्‌ करून जागेवर बसलं.

"अरेच्चा!" उर्पो म्हणाला. "चाळीस वर्षं ट्रॅक्टर दुरुस्त केले मी. सगळं ठोकूनच बसवलं."

"म्हणूनच तुझे ट्रॅक्टर अख्ख्या गावाला ऐकू येतात."

जेवणाच्या टेबलावर वर्तमानपत्रं अंथरली होती. त्यांवर गिअर, पितळी कड्या आणि कागदासारख्या पातळ पोलादी चकत्या मांडलेल्या. एकेक चकती ती घालून बघायची, मापायची, काढायची, घासायची, पुन्हा घालायची. जेवण दोघं उभ्यानेच उरकत.

"एवढं कशाला करतेस?" उर्पोने विचारलं. "कोणाला दिसणार आहे?"

"दिसत नाही तेच बरं. बाहेरून खटारा असला की कोणी मागत नाही. आत काय आहे ते तुला आणि मला ठाऊक, बस."

मे महिन्यात, जुन्या खडीच्या खाणीतल्या शर्यतीत, लाउहाचा निळा खटारा अंतिम फेरीत दुसरा आला. ती खाली उतरली तेव्हा तिचे दातसुद्धा धुळीने माखले होते आणि ती हसत होती.

मग चिठ्ठ्यांची वेळ झाली. या शर्यतीचा नियमच तसा आहे. शर्यत संपली की कुठलीही गाडी, ठरलेल्या एकाच किमतीला, कोणीही चिठ्ठी टाकून विकत मागू शकतो. मागणारे जास्त असले तर सोडत काढतात. गाडी द्यायला नकार दिला तर शर्यतीचा परवाना जातो. म्हणून लोक आपल्याच माणसाला चिठ्ठी टाकायला लावतात, म्हणजे नशीब असलं तर गाडी घरीच राहते.

लाउहाच्या गाडीवर दोन चिठ्ठ्या आल्या होत्या. एक कुठल्या परगावच्या माणसाची. दुसरी उर्पोची.

तिने त्याचा खांदा घट्ट दाबला. "बरं सुचलं रे तुला. मला कोणाला सांगायचं भानच राहिलं नव्हतं."

उर्पोने टोपी खाली ओढली.

पंचांनी डब्यात हात घातला आणि नाव वाचलं. उर्पोचं. लाउहाने आरोळी ठोकली आणि त्याला मिठी मारली. तो खांबासारखा उभा होता.

"चल, आज सॉसेज माझ्याकडून!"

"लाउहा," तो म्हणाला. "चावी."

"कसली चावी?"

"गाडीची. ट्रेलर आणलाय मी."

ती हसली. मग तिने त्याच्या व्हॅनकडे पाहिलं. मागे खरोखरच ट्रेलर जोडलेला होता. त्यावर फळ्या आणि बांधायचे पट्टे सकाळपासून तयार ठेवलेले.

"मीरकासाठी," तो म्हणाला. "सहा वर्षांनी पोरगी घरी यायचं म्हणतेय. शर्यतीची गाडी असली तर उन्हाळाभर राहीन म्हणाली."

"मला सांगायचं होतंस. तिच्यासाठी दुसरा खटारा बांधला असता मी."

"तोवर उन्हाळा संपला असता." तो जमिनीकडे बघत होता. "आणि नियमाबाहेर मी काही केलेलं नाही."

"मी नियमाचं बोलतेय का? कधी ठरवलंस हे?"



"ते बेअरिंग बसलं ना," तो म्हणाला, "त्या दिवशी."

"म्हणजे मार्चमध्ये."

"हं."

"त्यानंतरही रोज येत होतास तू. माझ्या हातचं जेवत होतास."

लाउहाने खिशातून चावी काढली आणि त्याच्या हातावर न देता गाडीच्या टपावर ठेवली. पंचांच्या कागदावर सही केली आणि चालत फाटकाकडे निघाली. घर अकरा किलोमीटर होतं. वाटेत दोन ओळखीच्यांनी गाडी थांबवून सोडू का म्हणून विचारलं. ती दोघांनाही नको म्हणाली.

उर्पोचा सौना, म्हणजे वाफेने अंघोळ करायची लाकडी खोली, जळून गेला त्याला वीस वर्षं झाली होती. तेव्हापासून दर शनिवारी, लाउहाची अंघोळ आटोपली की, तो तिच्या अंगणातल्या सौनात वाफ घ्यायला येई. पुढच्या शनिवारीही तो आला. सहा वाजता, बगलेत टॉवेल, हातात बिअरच्या दोन बाटल्या. अंगणातूनच त्याने हाक मारली, नेहमीसारखी.

लाउहा दारात आली. तिचे केस ओले होते, गाल लाल झाले होते.

"आज सौना पेटवलेला नाही," ती म्हणाली.

अंगणाच्या टोकाला, सौनाच्या धुराड्यातून बर्चच्या लाकडांचा पांढरा धूर सरळ वर चढत होता. उर्पोने तो पाहिला. त्याचं पाहून होईपर्यंत ती दारातून हलली नाही.