काशीचे डोळे

"अजून किती खोल्या आहेत गं?" सुदामने तिसऱ्यांदा विचारलं.

"चार," मनाली म्हणाली. "आणि बाबा, सारखं बाकावर बसू नकोस. साडेदहाचं तिकीट आहे, दोन आठवडे आधी काढलंय. नीट बघ."

सुदाम नीटच बघत होता. म्हणून तर दमला होता. मुंबईतलं हे एवढं नावाजलेलं चित्रसंग्रहालय. गाइड नाही, कुणी नाही, बापलेकीने आपलं आपण बघायचं. बाकीचे लोक चित्रं बघत होते. सुदाम नुसते डोळे बघत होता. राजांचे, राण्यांचे, कुणा दाढीवाल्या साहेबाचे. अगदी नाक लावून, जिभेचं टोक ओठांतून बाहेर काढून. गार्डने त्याला दोनदा मागे सरकवलं होतं.

उल्हासनगर कॅम्प एकमध्ये त्याचं फोटोचं दुकान होतं. गेलेल्या माणसांचे भिंतीवर लावायचे फोटो तो तीस वर्षं करत होता. आधी ब्रशने, मग कॉम्प्युटरवर. लोक काहीही घेऊन येत. लग्नातला ग्रुप फोटो, रेशनकार्डावरचा नुसता डाग, कधी तर माणूस गेल्यावर घाईघाईत मोबाइलवर काढलेला. सुदामची पद्धत ठरलेली. आधी तोंड मिटवायचं, मग डोळे उघडायचे. भिंतीवरच्या माणसाने दात दाखवायचे नसतात आणि डोळेही झाकायचे नसतात. हार घातल्यावर कसं गंभीर दिसलं पाहिजे. फोटो हातात घेऊन गिऱ्हाईक रडलं, की काम पास.

घरचं काम तेवढं पास होत नव्हतं. त्याची बायको काशी वारली त्याला येत्या रविवारी वर्ष होणार होतं, आणि अंबरनाथच्या घरात अजून नुसता खिळा ठोकलेला होता. बायकोचे फोटो नव्हते असं नाही. पेटीभर होते, सगळे त्यानेच काढलेले. पण एकाही फोटोत तिचे डोळे उघडे नव्हते. "फ्लॅश उडाला की मिटलेच हिने डोळे," म्हणून तो जन्मभर कुरकुरला. वर्षभरात त्याने नऊ वेळा ते डोळे उघडून पाहिले. तिच्या बहिणीचे लावले, मनालीचे लावले. दर वेळी स्क्रीनवरून कुणीतरी परकी बाई बघायची.

अख्ख्या कॅम्पाचे डोळे उघडणाऱ्याला घरचे दोन जमेनात. रविवारी खरवईहून काशीच्या माहेरची माणसं येणार आणि त्या खिळ्याकडे बघणार, याची त्याला लाज वाटत होती. खरी भीती मात्र वेगळीच होती, ती त्याने मनालीलाही सांगितली नव्हती. काशीचे डोळे कसे होते, हे तो विसरत चालला होता.

"मोठमोठ्या चित्रकारांनी डोळे कसे काढलेत ते एकदा बघून तर ये," असं म्हणून मनालीनेच ही तिकिटं काढली होती.

पुढच्या खोलीत एकाच चित्रापुढे गर्दी होती. नऊवारीतली एक बाई खुर्चीत बसलेली. कुठेही उभं राहा, ती तुमच्याकडेच बघत होती. सुदाम खूप वेळ उभा राहिला. बुबुळात उजेडाचा बारीक ठिपका, पापणीखाली सावली. कुठे बोट ठेवायला जागा नव्हती. आणि त्यात काशी कुठेच नव्हती.

तो बाकावर जाऊन बसला. पाय भरून आले होते.

"नाही जमायचं गं. रविवारी नुसती समई लावू."

बापाला इतकं थकलेलं मनालीने आईच्या दहाव्यालाही पाहिलं नव्हतं. मग तिने आपला फोन त्याच्या हातात दिला.

"माझा एक फोटो तरी काढ. एवढं आलोय तर. फ्लॅश बंद आहे हां, इथे चालत नाही."

गर्दी जरा पांगल्यावर ती त्या चित्राशेजारी जाऊन उभी राहिली. सुदाम गुडघ्यावर हात टेकत उठला. फोन डोळ्यांपुढे धरला, जरा वाकला.

"तोंड मीट. सरळ बघ."

मनालीने तोंड मिटलं. सरळ बघितलं. आणि त्याने बटण दाबायला आणि तिने फिस्सकन हसायला एकच गाठ पडली.

"डोळे मिटलेस," तो वैतागून म्हणाला.

"मग तू आधी जीभ आत घे ना! फोटो काढताना कसा दिसतोस, माहितीये? आई तर आधीच मला कोपर मारायची. बघ, आता जीभ काढतील, म्हणायची. मग काय, हसून हसून मेलोच आम्ही."

सुदामने जीभ आत घेतली. फोनकडे पाहिलं. गाल वर चढलेले, दात दिसतायत, डोळ्यांच्या जागी दोन रेघा. फ्लॅश तर बंद होता.

तो बघतच राहिला. मागच्या माणसाला वाट द्यायचंही त्याला सुचलं नाही. पेटीतले सगळे फोटो त्याला पाठ होते. आता ते एकेक करून पुन्हा डोळ्यांपुढून गेले, सगळ्यांत असेच वर चढलेले गाल. नऊच्या नऊ वेळा त्याने सवयीने आधी काशीचं तोंड मिटवलं होतं.

"बाबा? काय झालं? अजून तीन खोल्या आहेत."

"राहू देत," सुदामने बाहीने डोळे पुसले. "रविवारी हार तेवढा बारीक आण. तिचं हसू झाकायला नको."