चुकून उपटलेले पऱ्हे

पऱ्ह्यांची अर्धी बांधी साफ झाली होती. मुर्री गावी बहिणीच्या सासऱ्याच्या तेरवीला निघताना लखनलालने धानाची ती कोवळी रोपं डोळे भरून पाहिली होती, हिरवीगार, रोवणीला आलेली. आज परतून पाहतो तर त्या जागी नुसता चिखल.

आणि धुऱ्याच्या, म्हणजे मधल्या बांधाच्या, पलीकडे, शेजारच्या बकारामच्या बांधीत, त्याची बायको नंदाबाई चार बाया घेऊन रोवणी करत होती.

लखनलालला फार विचार करावा लागला नाही. बकाराम आणि तो वर्षभर बोलत नव्हते. बकारामने मधला धुरा हातभर कोरला असा लखनलालचा आरोप. पाण्याने खचला असं बकारामचं म्हणणं. आता बकाराम पाय मोडून गोंदियाच्या दवाखान्यात पडला होता. बांधीतलं पाणी काढायला घरात पुरुषमाणूस नाही, म्हणून त्याचे पऱ्हे सडले, हेही साऱ्या गावाला ठाऊक होतं. लखनलाल दरवर्षी गरजेपेक्षा दुप्पट पऱ्हे टाकायचा. कोणाचे सडले की तो माणूस हात जोडत दारात यायचा, आणि लखनलालला ते दृश्य फार आवडायचं. बकारामच्या घरून मात्र कोणी आलं नव्हतं.

"सडू दे," तेरवीला जाताना तो बायकोला म्हणाला होता. "येते नाक घासत. मंग पाहू."

इथे तर नाक न घासताच काम झालं होतं. लखनलाल फावडा आणायला घराकडे वळला.

गोमती ओसरीवर कंबरेला तेल चोळत बसली होती. गुडघा धरला म्हणून ती तेरवीला आली नव्हती.

"फावडा कुठं आहे? अन् माझी हिरवी लुंगी? दोरीवर दिसत नाही."

"वाऱ्यानं उडाली असन. काऊन, झालं काय?"

"उडत नाही काही. साऱ्या गावात चोर भरले." त्याने धापा टाकत सगळं सांगितलं. "एक एक रोप उपटून चिखलात घालतो. अन् मंग ठाण्यात जातो."

गोमती उठून उभी राहिली. "चुकून झालं असन, अवो. दोन्ही घरचे पऱ्हे एकाच धुऱ्याले लागून. बाया बाहेरगावच्या. त्यायले काय ठाऊक, कोणते कोणाचे?"

"तुले तं सारं जग चुकूनच करते!"

तो तरातरा निघाला. मागोमाग गोमती शिदोरी घेऊन आली. फडक्याला तिची ती नेहमीची गाठ होती. लग्न झाल्यापासून ती गाठ लखनलालला दातांशिवाय सुटली नव्हती, आणि त्यावरून तिला चार शब्द ऐकवल्याशिवाय तो घास घेत नसे.

तो फावडा घेऊन बकारामच्या बांधीत उतरला तशा वाकलेल्या बाया सरळ झाल्या. नंदाबाई पुढे आली. गुडघ्यापर्यंत चिखल, चेहरा पांढराफटक. ही एकच बांधी होती तिची. हे पऱ्हे गेले तर दुसरे आणायचे कुठून? रोवणीचे दिवस तर सरत आलेले.

"हे पऱ्हे कोणाचे आहेत, नंदाबाई?"

नंदाबाईने एकदा त्याच्याकडे पाहिलं, एकदा त्याच्या मागे पाहिलं.

"चूक झाली, भाऊ," ती हळूच म्हणाली. "बाया चुकल्या."

"अर्धी बांधी चुकून?"

त्याने पहिल्याच ओळीत फावडा घातला. रोपांचा झुबका चिखलासकट वर आला. नंदाबाईने पदर तोंडाला लावला.

"भाऊ, वर्षाचं पोट आहे आमचं."

फावडा पुन्हा वर गेला, पण खाली आला नाही. गोमतीने दांडा धरला होता.

"चोर असता तं त्यानं दूर नेऊन लावले असते. तुमच्या नाकासमोर लावणारा चोर पाहिला कधी?"

"सोड, गोमती."

"मागं एका लग्नातून गावातल्या ईश्वरदासभाऊच्या चपला घालून आले होते तुम्ही. आठवडाभर घालून फिरले. मंग तुम्ही काय, चोर होते?"

एक बाई फिसकन हसली. लखनलालचे कान तापले. त्या चपला आपल्या नाहीत हे खरंच त्याच्या ध्यानात आलं नव्हतं. ईश्वरदास स्वतः दारात आला होता आणि 'होते कधी कधी' म्हणून हसत घेऊन गेला होता. तेव्हा त्याने चार लोकांत आपल्याला चोर म्हटलं असतं तर? लखनलालला लाज वाटली. दांड्यावरचा त्याचा हात सैल झाला.

"चूक तं चूक," तो म्हणाला. मग सगळ्या बाया पाहत आहेत म्हणून आवाज जरा चढवला. "लावा. कोणी इचारलं तं सांगा, लखनलालनं दिले."

नंदाबाईच्या डोळ्यांतून पाणी ओघळलं. तिने हात जोडले. लखनलालला बऱ्याच दिवसांनी आपण कोणी मोठा माणूस आहोत असं वाटलं. त्या भरात तो धुऱ्यावर गेला. तिथे रोपांच्या उरलेल्या पेंड्या पडल्या होत्या. बायांकडे फेकायला त्याने एक उचलली.

पेंडीला हिरव्या चौकड्याची चिंधी बांधलेली होती.

त्याने दुसरी पाहिली, तिसरी पाहिली. सगळ्या पेंड्यांना तीच चिंधी. त्याची लुंगी! रक्त सर्रकन डोक्यात चढलं. पऱ्हे चुकून उपटता येतात; दुसऱ्याच्या दोरीवरची लुंगी चुकून फाडता येत नाही. म्हणजे हे लोक घरात शिरले होते, आणि आपण भोळेपणाने माफ करून बसलो.

"नंदाबाई!" तो गरजला.

बाया जागच्या जागी थिजल्या. चार साक्षीदारांना पुरावा दाखवावा म्हणून तो चिंधी सोडू लागला. नख घालून पाहिलं. टोक ओढून पाहिलं. गाठ सुटेना. गोमती धुऱ्यावर, शिदोरी हातात धरून, भलतीकडेच पाहत उभी होती.

शेवटी रोजच्या सवयीने त्याने ती गाठ दातांत धरली, आणि तसाच थांबला.